बुडालेल्या बेटाची तीन नावे

बेटांना, त्यातही निर्जन बेटांना, कोणती नावे द्यावीत, हा प्रश्न गेल्या काही वर्षांत आपल्याकडे पुन्हा पुन्हा चर्चेत आला. ३० डिसेंबर २०१८ रोजी अंदमानातील रॉस, नील आणि हॅवलॉक या बेटांची नावे बदलण्यात आली. २३ जानेवारी २०२३ रोजी तेथील एकवीस बेटांना परमवीर चक्र विजेत्यांची नावे देण्यात आली. आणि दोन्ही वेळा वाद एकाच चाकोरीतून गेला. एका पक्षाचे म्हणणे असे की नाव दिले म्हणजे बेटावर आपली मुद्रा उमटली, आणि जो देश आपल्या भूमीला स्वतःची नावे देत नाही तो तिच्यावरचा हक्कही एके दिवशी गमावतो. दुसऱ्या पक्षाचे म्हणणे असे की जेथे माणूस राहतच नाही तेथील नावाची उठाठेव करणे म्हणजे निव्वळ समारंभ. हे दोन्ही पक्ष एकमेकांवर तुटून पडत असले तरी मुळात त्यांची समजूत एकच आहे: निर्जन बेट म्हणजे कोरा कागद. मला ही समजूतच चुकीची वाटते. नावामुळे बेट कोणाचे होत नाही, पण म्हणून नाव निरर्थकही ठरत नाही. एखाद्या जागेविषयी माणसांना जे कळलेले असते त्याची नाव ही नोंद असते, आणि ती नोंद जागेशी जितकी जुळणारी तितके नाव मोलाचे. ही कसोटी लावून पाहण्यासाठी मला अंदमानापेक्षाही उपयुक्त वाटते ते बंगालच्या उपसागराच्या माथ्यावरचे एक बेट, जे आज पाण्याखाली आहे.

भारत आणि बांगलादेश यांच्या सीमेवर, सुंदरबनाच्या दक्षिण टोकाला, हरियाभांगा नदी समुद्राला मिळते. नोव्हेंबर १९७० मध्ये या किनाऱ्यावर भोला चक्रीवादळ आदळले आणि त्यानंतर नदीच्या मुखापासून थोड्या अंतरावर गाळाचा एक उंचवटा पाण्याबाहेर दिसू लागला. १९७४ साली एका अमेरिकी उपग्रहाच्या छायाचित्रात तो टिपला गेला. गंगा-ब्रह्मपुत्रेच्या त्रिभुज प्रदेशात अशी घटना नवलाची नाही. हिमालयातून वाहून आलेला गाळ नदीमुखाशी साचतो, भरती-ओहोटीचे प्रवाह त्याला आकार देतात, आणि बंगालीत ज्याला ‘चर’ म्हणतात अशी जमीन वर येते, सरकते, फुटते, पुन्हा बुडते. हे बेटही त्याच जातीचे होते. त्याची उंची समुद्रसपाटीपासून दोन मीटरच्या वर कधी गेली नाही. ओहोटीला ते पसरे आणि भरतीला आक्रसे, त्यामुळे त्याचे क्षेत्रफळ सांगताना ते कोणत्या वेळी मोजले हेही सांगणे भाग होते. तेथे कायमची वस्ती कधीच झाली नाही. अशा या चिखलाच्या पट्टीला तीन नावे मिळाली. भारतात तिला न्यू मूर म्हणत आणि पूर्वाशा असेही म्हणत. बांगलादेशात ती दक्षिण तालपट्टी होती.

ही तीन नावे शेजारी ठेवून वाचण्यासारखी आहेत. ‘न्यू मूर’मध्ये इंग्रजी अमदानीतील नकाशांची सवय दिसते, म्हणजे एक नाव आधी असावे आणि नव्या जागेला त्याच्यापुढे ‘न्यू’ जोडून मोकळे व्हावे. ‘पूर्वाशा’ हा शब्द सुंदर आहे. संस्कृतात ‘आशा’ या शब्दाचा एक अर्थ दिशा असाही आहे, त्यामुळे त्यात पूर्व दिशाही ऐकू येते आणि पूर्वेकडची आशाही. परंतु समुद्रावर होडी घेऊन गेलेल्या माणसाला ‘दक्षिण तालपट्टी’ हे नाव जितके सांगते तितके ही दोन्ही नावे सांगत नाहीत. तालपट्टीच्या दक्षिणेस आहे, एवढे तरी त्या नावावरून कळते. भारतीय म्हणून मला हे लिहिताना संकोच वाटत नाही. नाव म्हणून बांगलादेशचे नाव अधिक चांगले होते आणि तरीही त्या नावामुळे बांगलादेशचा हक्क तसूभरही वाढला नाही. या दोन गोष्टी एकाच वेळी खऱ्या असू शकतात, हेच आपल्या वादात कोणी मान्य करत नाही.

१९८१ साली भारताने तेथे नौदलाचे जहाज पाठवले आणि तिरंगा फडकवला. बांगलादेशने निषेध केला. पुढे तीन दशके दोन्हीकडच्या वृत्तपत्रांत आणि भाषणांत आपापले नाव उच्चारणे ही देशभक्तीची खूण बनली, आणि समोरच्याचे नाव तोंडी येणे हा जवळजवळ अपराध. मार्च २०१० मध्ये जादवपूर विद्यापीठातील समुद्रविज्ञानाचे अभ्यासक सुगत हाजरा यांनी उपग्रह-छायाचित्रांच्या आधारे जाहीर केले की बेट संपूर्ण पाण्याखाली गेले आहे. त्या वेळी अनेकांनी लिहिले की समुद्रानेच वाद मिटवला. हे वाक्य कानाला बरे लागते, पण ते खरे नाही. वाद मिटला तो चार वर्षांनंतर, आणि ज्या रीतीने मिटला ती या लेखाच्या दृष्टीने बेट बुडण्यापेक्षाही महत्त्वाची आहे.

सागरी सीमेचा हा तंटा बांगलादेशने २००९ साली लवादाकडे नेला होता आणि ७ जुलै २०१४ रोजी हेग येथून निवाडा आला. वादग्रस्त सुमारे २५,६०२ चौरस किलोमीटर समुद्रापैकी सुमारे १९,४६७ चौरस किलोमीटर बांगलादेशकडे गेला. जेथे ते बेट होते ती जागा मात्र भारताच्या बाजूला राहिली. लवादाने हे कशाच्या आधारे ठरवले? जमिनीवरची सीमा समुद्राला कोठे मिळते हे शोधताना त्याने १९४७ चा रॅडक्लिफ निवाडा आणि त्याचा नकाशा पाहिला, आणि खुलना व चोवीस परगणा या जिल्ह्यांची हद्द नदीच्या मुख्य प्रवाहाच्या मध्यातून जाते असे सांगणारी बंगाल सरकारची १९२५ सालची अधिसूचना पाहिली. पुढे समुद्रातली रेषा आखण्यासाठी किनाऱ्याचा आकार पाहिला. बेटाचा आधारबिंदू म्हणून, म्हणजे रेषेची मोजणी जेथून सुरू होते तो बिंदू म्हणून, वापर करावा का, हा प्रश्न आला तेव्हा लवादाने त्याची दोन्ही नावे शेजारी शेजारी लिहिली आणि ते या कामासाठी योग्य भूरूपच नाही असे सांगून बाजूला ठेवले. कोणी कोणते नाव आधी वापरले, कोणाचे नाव अधिक स्वदेशी, कोणी ध्वज लावला, यांपैकी कशावरही ती रेषा टेकलेली नाही. नद्यांचे प्रवाह, किनाऱ्याची वळणे आणि दोन जुने कागद यांच्यावर ती टेकली आहे. एवढे होऊनही बांगलादेशातील विरोधी पक्षाने दक्षिण तालपट्टी गमावल्याचा आरोप आपल्या सरकारवर केला. भरतीच्या वेळी जेथे पाऊल टेकायला जागा उरली नव्हती अशा ठिकाणासाठी हा शोक होता, कारण लोकांच्या मनात बेटाच्या जागी केवळ नाव शिल्लक राहिले होते.

ही फसगत दक्षिण आशियाचीच आहे असे नाही. जुलै १८३१ मध्ये सिसिलीच्या दक्षिणेस समुद्रतळावरील ज्वालामुखीचा उद्रेक होऊन एक बेट वर आले. ब्रिटिश आरमाराच्या अधिकाऱ्यांनी त्यावर निशाण रोवून आपल्या नौदलमंत्र्याच्या नावावरून त्याला ग्रॅहम म्हटले. सिसिली ज्याच्या ताब्यात होती त्या ‘दोन सिसिलींच्या राज्या’ने आपला राजा फर्डिनांड याच्या नावावरून फर्डिनांडेआ म्हटले. फ्रेंचांनी ते जुलैत उगवले म्हणून ज्युलिया म्हटले. सुटी राख आणि ज्वालामुखीचा भुगा यांचे ते बेट लाटांपुढे जेमतेम सहा महिने टिकले. आज ते पृष्ठभागाखाली काही मीटरांवर आहे. तिन्ही सत्तांनी नाव शोधायला जी तत्परता दाखवली, तिच्या निम्म्यानेही जर तो दगड कसला आहे हा प्रश्न विचारला असता, तर निशाण नेण्याचे श्रम वाचले असते. फ्रेंचांच्या बाजूने मात्र एक गोष्ट मान्य केली पाहिजे: त्यांच्या नावात निदान बेटाच्या जन्माची तारीख तरी होती.

यावर विरोधी बाजूचा सर्वांत बळकट मुद्दा असा की बेट बुडणारे असो वा नसो, आंतरराष्ट्रीय व्यवहारात नावे आणि नकाशे पुरावा म्हणून पाहिले जातातच. हा मुद्दा मी हलका मानत नाही. समुद्राच्या कायद्याविषयीच्या १९८२ च्या कराराप्रमाणे बेटाभोवती बारा सागरी मैलांचा प्रादेशिक समुद्र मिळतो. आणि बेट माणसाच्या वस्तीला किंवा स्वतंत्र आर्थिक जीवनाला आधार देणारे असेल तर दोनशे सागरी मैलांचे आर्थिक क्षेत्रही मिळते. दोनशे सागरी मैल त्रिज्येचे वर्तुळ काढले तर त्यात सुमारे ४ लाख ३१ हजार चौरस किलोमीटर समुद्र येतो. महाराष्ट्राचे क्षेत्रफळ ३,०७,७१३ चौरस किलोमीटर आहे. शेजारी दुसरा देश नसेल तर एका लहानशा बेटामुळे अख्ख्या महाराष्ट्राहून मोठा समुद्र पदरात पडू शकतो, मग त्या बेटाला नाव देण्याची घाई राष्ट्रांना का होऊ नये? २०१२ साली जपानने एकोणचाळीस निर्जन बेटांना नावे दिली, त्यांतली काही जपान आणि चीन दोघेही ज्यावर हक्क सांगतात त्या सेनकाकू समूहातली होती, आणि लगेच चीनने त्याच समूहातील बेटांची आपली नावे प्रसिद्ध केली. हे देश पोरखेळ करत होते असे म्हणता येणार नाही.

परंतु न्यायालयासमोर नावाचे वजन किती भरते, हे पाहायचे असेल तर सिंगापूरच्या सामुद्रधुनीच्या पूर्व मुखाशी असलेल्या एका खडकाकडे पाहावे. तो १३७ मीटर लांब आणि सरासरी ६० मीटर रुंद आहे. पोर्तुगीजांनी त्याला पेद्रा ब्रांका म्हटले, मलय भाषेत तो पुलाऊ बातू पुतेह, आणि दोन्ही नावांचा अर्थ एकच: पांढरा खडक. समुद्रपक्ष्यांच्या विष्ठेने तो पांढरा दिसे, आणि तेथून जाणाऱ्या कोणत्याही भाषेच्या खलाशाच्या ते नजरेत भरे. नाव जागेतूनच कसे उगवते याचे याहून चांगले उदाहरण मला माहीत नाही. मलेशिया आणि सिंगापूर या दोघांनीही या खडकावर हक्क सांगितला आणि २३ मे २००८ रोजी आंतरराष्ट्रीय न्यायालयाने तो सिंगापूरला दिला. खडक मूळचा जोहोरच्या (आज मलेशियातले एक राज्य) सुलतानाचा होता हे न्यायालयाने मान्य केले. पण १८५१ पासून त्यावर ब्रिटिशांनी आणि नंतर सिंगापूरने दीपगृह चालवले होते. आसपास फुटलेल्या जहाजांची चौकशी सिंगापूर करत होते. तेथे कोणी यायचे हे सिंगापूर ठरवत होते. आणि १९५३ साली जोहोरच्या शासनाने लेखी कळवले होते की या खडकाच्या मालकीचा आपला दावा नाही. शिवाय मलेशियाच्या स्वतःच्या अधिकृत नकाशांत १९६२ पासून १९७५ पर्यंत त्या खडकाच्या नोंदीखाली कंसात ‘सिंगापूर’ असे छापलेले होते, आणि तेही बातू पुतेह या मलय नावाच्या खाली. नाव मलेशियाच्या भाषेतले, नकाशा मलेशियाचा, आणि तरीही निकाल उलट. मग नावानेच हक्क राखला जातो असे म्हणणाऱ्यांनी सांगावे की येथे नाव कोठे कमी पडले? ते कमी पडले नाही. मालकी सिद्ध करणे हे नावाचे काम नव्हतेच. ते काम दीपगृहाच्या रखवालदारांनी, जहाजांची चौकशी करणाऱ्या अधिकाऱ्यांनी आणि कागद जपणाऱ्या कारकुनांनी केले. न्यायालयाने मात्र आपल्या निकालपत्रात दोन्ही नावे शेवटपर्यंत जोडीने वापरली.

आणि बेटाचे स्वरूप काय हा प्रश्न नाव देऊन सुटत नाही. रॉकॉल हा उत्तर अटलांटिकमधला उभा सुळका आहे, उंची जेमतेम सतरा मीटर. १९५५ साली ब्रिटनने त्यावर निशाण लावले, १९७२ साली त्यासाठी स्वतंत्र कायदा केला. १९९७ साली समुद्राच्या कायद्याच्या करारात सामील होताना त्याच ब्रिटनला रॉकॉलवरून मोजलेली आपली मासेमारीची हद्द मागे घ्यावी लागली, कारण करार सांगतो की ज्या खडकावर वस्ती किंवा स्वतंत्र आर्थिक जीवन शक्य नाही त्याला आर्थिक क्षेत्र मिळत नाही.

आता अंदमानाकडे वळू. येथे विरोधी बाजूचा मुद्दा भावनेचा आहे आणि तो मला अंशतः पटतो. हेन्री हॅवलॉक आणि जेम्स नील हे १८५७ चा उठाव चिरडणारे सेनानी होते; त्यांची नावे स्वतंत्र भारताच्या नकाशावर इतकी वर्षे राहिली हेच आश्चर्य. नेताजी सुभाषचंद्र बोस यांनी १९४३ साली या द्वीपसमूहासाठी सुचवलेली शहीद आणि स्वराज ही नावे त्या जागी आली, याला मी चूक म्हणणार नाही. एका माणसाचे नाव काढून तेथे त्याने केलेल्या अन्यायाची आठवण देणारे नाव येते तेव्हा तीही इतिहासाची नोंदच असते.

पण २०२३ च्या एकवीस बेटांची गोष्ट वेगळी आहे. तेथे कोणा जुलमी सेनापतीचे नाव काढायचे नव्हते. ही बेटे सरकारी भाषेत ‘अनाम’ होती. सर्वांत मोठ्या बेटाची ओळख ‘आयएनएएन ३७०’ अशी होती, आणि आता ते सोमनाथ द्वीप आहे. दफ्तरात क्रमांक असणे आणि नाव नसणे याचा अर्थ एवढाच की दफ्तराने कोणाला विचारले नाही. अंदमान हजारो वर्षे वसलेला प्रदेश आहे. ग्रेट अंदमानी लोक होड्यांतून या बेटांमध्ये फिरत, शिकार करत, कासवे पकडत; भाषाशास्त्रज्ञ अन्विता अब्बी यांनी त्या भाषांच्या शेवटच्या जाणकारांकडून जी स्थलनामे टिपून घेतली ती पाहिली, तर ज्या बेटावर कोणी राहत नाही ते कोणाच्या भाषेतही नाही असे गृहीत धरणे किती धाडसाचे आहे हे कळते. उत्तर अंदमानात मायाबंदरच्या परिसरात १९२५ पासून ब्रह्मदेशातून आलेल्या करेन लोकांची वस्ती आहे, आणि आसपासच्या पाण्यात त्यांच्या तीन-चार पिढ्या वावरल्या आहेत. नाव ठरवण्यापूर्वी या माणसांकडे जाऊन ‘तुम्ही याला काय म्हणता’ एवढा प्रश्न विचारायला किती वेळ लागला असता? उत्तर ‘काहीच म्हणत नाही’ असे आले असते तरी ती एक नोंद झाली असती.

येथे मला कोणी विचारील की वीरांच्या नावाला आपला विरोध आहे का. मुळीच नाही. परमवीर चक्र विजेते रामा राघोबा राणे यांनी एप्रिल १९४८ मध्ये नौशेरा ते राजौरीच्या वाटेवरचे सुरुंग आणि अडथळे शत्रूच्या माऱ्यात दूर करून रणगाड्यांना रस्ता मोकळा करून दिला. त्यांचे नाव घेताना माझी मान झुकते. म्हणूनच मला वाटते की ते नाव अशा जागी असावे जेथे वाचणारा थांबेल आणि ‘हे कोण?’ असे विचारील: त्या रस्त्यावर, एखाद्या पुलावर, सैनिकी अभियंते जेथे शिकतात तेथे. ज्या बेटावर वर्षानुवर्षे कोणी उतरत नाही तेथे ते नाव लिहून आपण वीराला एकांत देतो आणि बेटाची ओळख झाकून टाकतो. त्याच द्वीपसमूहातले बॅरन बेट पाहा. दक्षिण आशियातला आजही जागा असलेला तो एकमेव ज्वालामुखी. नाव इंग्रजांनी दिले, अर्थ ओसाड. त्या नावात कोणाचाही गौरव नाही, पण नकाशा वाचणाऱ्या दर्यावर्दीला ते सांगते की येथे आसरा शोधू नकोस. ते भारतीय भाषेत आणायचे असेल तर आणावे, अर्थ मात्र सोडू नये.

‘निर्जन’ या शब्दाविषयीही नीट विचार व्हायला हवा. कायद्याच्या भाषेत निर्जन म्हणजे जेथे कोणी कायम राहत नाही. पण समुद्रावर जगणाऱ्यांच्या दृष्टीने बेट ही राहण्याची जागा असेलच असे नाही. ती खूण असते, आडोसा असतो, जाळे अडकण्याची भीती असते, अंडी घालायला येणाऱ्या पक्ष्यांची वेळ असते. या प्रत्येक उपयोगासाठी नाव लागते. कॅनडा आणि ग्रीनलंड यांच्यामधल्या सामुद्रधुनीत १.३ चौरस किलोमीटरचा एक उघडा खडक आहे. एकोणिसाव्या शतकातील ध्रुवीय मोहिमांना वाट दाखवणाऱ्या हान्स हेंड्रिक या ग्रीनलंडच्या इनुइट वाटाड्याच्या नावावरून त्याला हान्स बेट म्हणू लागले. इनुइट लोक त्याला तार्तुपालुक म्हणतात, कारण त्याचा आकार मूत्रपिंडासारखा आहे. कॅनडा आणि ग्रीनलंड ज्याच्या राज्यात येते तो डेन्मार्क यांच्यात सुमारे अर्धशतक त्याच्यावरून वाद होता आणि दोघेही त्याच्यावर आळीपाळीने ध्वज लावत. १४ जून २०२२ रोजी दोघांनी ते वाटून घेतले आणि शिकारीसाठी तेथे येणाऱ्या दोन्ही बाजूंच्या इनुइट लोकांची ये-जा चालू राहील याची तरतूद केली. दोन सरकारांच्या लेखी जे ओसाड होते ते ज्यांच्या रोजच्या वापरात होते, त्यांनी त्याचा आकार ओळखून त्याला केव्हाच नाव दिलेले होते.

यावर कोणी म्हणेल की समुद्रावरच्या माणसांची नावे प्रत्येक गावात वेगळी, प्रत्येक भाषेत वेगळी. राज्यकारभाराला एकच नाव लागते. हे खरे आहे. संकटात सापडलेल्या होडीने तटरक्षक दलाला कळवलेले नाव आणि दलाच्या नकाशावरचे नाव वेगळे असेल तर जीव जाऊ शकतो. भौगोलिक नावांत एकवाक्यता आणण्यासाठी संयुक्त राष्ट्रांनी १९६७ साली जिनीव्हात परिषद भरवली ती याच गरजेपोटी. पण ही अडचण माझ्या बाजूची आहे. होडीवरचा माणूस जे नाव घेतो तेच नकाशावर नसेल, आणि त्याच्या जागी त्याने कधीही न ऐकलेले नाव राजधानीतून येऊन छापले जाईल, तर गोंधळ वाढतो. अधिकृत नाव एक असावे, पण त्याच्या नोंदीत बाकीची सर्व नावे, कोण वापरतो ते, केव्हापासून ते, आणि जुना क्रमांकही असावा. सर्वेक्षण करणाऱ्यांच्या दृष्टीने हे एका ओळीचे काम आहे.

पूर्वाशा, न्यू मूर, दक्षिण तालपट्टी या जागेवर आज पाण्याखाली उथळ गाळ आहे आणि मच्छीमारांच्या होड्या तेथून जातात. भारताच्या नकाशात त्या जागेची नोंद मी अशी करीन: अक्षांश सुमारे २१ अंश ३७ मिनिटे उत्तर, रेखांश सुमारे ८९ अंश ८ मिनिटे पूर्व, १९७० नंतर वर आलेली, २०१० पर्यंत बुडालेली गाळाची पट्टी, तिन्ही नावे, आणि शेवटचे सर्वेक्षण झाल्याची तारीख. त्या मुखातला गाळ पुन्हा साचून पट्टी पुन्हा वर आली, तर चौथे नाव शोधायला कोणाला समिती नेमावी लागणार नाही.